मुदत टळून गेल्यावर: विलंब माफीचा अर्ज कसा करायचा

कोर्टाचा निकाल हातात आहे, अपिलाची मुदत कधीच सरलीय आणि भेटेल तो माणूस "आता काही होत नाही" असं सांगतोय. चार वर्षांपूर्वी मी याच जागी उभा होतो, नाशिकच्या जिल्हा न्यायालयाच्या आवारात, नक्कल विभागाच्या, म्हणजे निकालाची प्रमाणित प्रत देतात त्या विभागाच्या, रांगेत. आमचा मखमलाबाद शिवारातल्या वहिवाटीच्या रस्त्याचा दावा होता. निकाल विरोधात गेला आणि अपील करायला आम्हाला १४३ दिवस उशीर झाला. तो उशीर पुढे माफ झाला, पण पहिला अर्ज मी इतका कच्चा केला होता की जवळजवळ हातचं गेलं होतं. मी वकील नाही. वकील तुम्हाला लागेलच. त्यांच्याकडे जाताना काय घेऊन जायचं आणि त्यांना काय विचारायचं, एवढं माहीत असलं तरी अर्धा गोंधळ कमी होतो, म्हणून हे लिहितोय.

कायद्याचं नाव लिमिटेशन ॲक्ट, १९६३. कोर्टात सगळे त्याला मुदतीचा कायदा म्हणतात. त्याचं कलम ३ फार कडक आहे. मुदत टळलेला दावा, अपील किंवा अर्ज कोर्टाने फेटाळायचा, मग समोरच्याने मुदतीचा मुद्दा काढलेला असो वा नसो. कलम ९ त्याहून कडक. एकदा मुदत सुरू झाली की मधे काहीही घडलं तरी ती थांबत नाही. याच कायद्याने काही ठरावीक वाटाही मोकळ्या ठेवल्यात. कुठे दिवस मोजायचेच नाहीत, कुठे मोजणी नव्याने सुरू करायची, कुठे उशीर पोटात घालायचा. आपली वाट कोणती, हे आधी ओळखा.

१. तुमचं काम दाव्याचं आहे की अपिलाचं?

सगळ्यात मोठा खड्डा इथेच आहे, म्हणून यावर जरा जास्त लिहितो.

विलंब माफी मिळते ती कलम ५ खाली, आणि ते कलम फक्त अपील आणि अर्जांना लागू आहे. नव्या दाव्याला ते लागू नाही. हातउसने दिलेले पैसे परत मिळवायचा दावा तीन वर्षांत करायचा असतो. तीन वर्षं आणि एक दिवस झाला तर "मी आजारी होतो" हे कारण कितीही खरं असलं तरी कलम ५ उपयोगाचं नाही. हुकूमनाम्याच्या, म्हणजे निकालावरून निघालेल्या कोर्टाच्या लेखी आदेशाच्या, अंमलबजावणीसाठी जो अर्ज करतात, त्या दरखास्तीलाही ते लागू नाही. तिथे बहुतेक प्रकरणांत १२ वर्षांची मुदत आहे, ती सांभाळायचीच.

दाव्याचा उशीर असेल तर वेगळी दारं ठोठवा:

ज्याच्याकडून पैसे यायचे आहेत त्याने मुदतीच्या आत सही करून लेखी कबुली दिली असेल, तर कलम १८ प्रमाणे त्या दिवसापासून मुदत नव्याने मोजली जाते. मुदत संपल्यावर दिलेल्या कबुलीचा या कलमाखाली उपयोग नाही. मुदतीतच थोडी रक्कम परत केली असेल आणि त्याची त्याच्या हातची किंवा सहीची नोंद असेल, तर कलम १९.

दावा करायचा हक्क निर्माण झाला तेव्हा माणूस अज्ञान, म्हणजे १८ वर्षांखालचा, असेल किंवा मनोरुग्ण असेल, तर कलम ६. ती अडचण संपल्यावर मुदत मिळते, पण कलम ८ प्रमाणे ती जास्तीत जास्त तीन वर्षंच लांबू शकते.

फसवणूक झाली असेल तर कलम १७. फसवणूक उघड झाली तेव्हापासून, किंवा नीट लक्ष ठेवलं असतं तर उघड झाली असती तेव्हापासून दिवस धरतात.

चुकीच्या कोर्टात, पण प्रामाणिकपणे दावा लढवण्यात वेळ गेला असेल तर कलम १४. तो काळ वजा होतो.

द्राक्षवाल्या मित्रांसाठी एक गोष्ट वेगळी सांगतो, कारण दर हंगामानंतर हा प्रश्न कानावर येतो. व्यापाऱ्याचा चेक वटला नाही, तर बँकेकडून कळल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस गेलीच पाहिजे. हे ३० दिवस चुकले तर त्यांना माफी नाही. नोटीस मिळाल्यावर त्याला १५ दिवस द्यायचे आणि त्यानंतर एक महिन्यात फिर्याद दाखल करायची. या शेवटच्या महिन्याला उशीर झाला तर मात्र सबळ कारण दाखवून माफी मागता येते. "देतो, देतो" वर विसंबून पहिले ३० दिवस घालवलेले कितीतरी बागायतदार मी पाहिलेत.

२. नक्कल आजच मागा

अपील करायचं की नाही, हे ठरायची वाट बघू नका. निकाल आणि हुकूमनाम्याच्या प्रमाणित प्रतीचा अर्ज त्याच दिवशी नक्कल विभागात द्या. दावा क्रमांक माहीत नसेल तर ई-कोर्ट्स ॲपवर पक्षकाराच्या नावाने शोधता येतो. तिथे प्रत्येक प्रकरणाचा १६ अक्षरी सीएनआर क्रमांक असतो. तो वहीत उतरवून ठेवा, पुढे सगळीकडे लागतो.

नक्कल मिळाली की आधी तिच्यावरचा शिक्का बघा. त्यात तीन तारखा असतात. नकलेसाठी अर्ज केला ती, नक्कल तयार झाली ती आणि नक्कल दिली ती. कलम १२ प्रमाणे नक्कल मिळवायला लागलेले दिवस मुदतीतून आपोआप वजा होतात, त्यासाठी वेगळी माफी मागावी लागत नाही. मात्र दोन अटी आहेत. नकलेचा अर्ज मुदतीच्या आत केलेला हवा. आणि तयार झालेली नक्कल तुम्ही आठवडाभर उचललीच नाही, तर तो आठवडा तुमच्या खात्यावर. माझा अर्ज मुदत संपल्यावरचा होता, म्हणून मला या कलमाचा एक दिवसही मिळाला नाही.

३. शेवटचा दिवस कागदावर काढा

दिवाणी निकालावर जिल्हा न्यायालयात अपील करायला ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. एकतर्फी, म्हणजे तुमच्या गैरहजेरीत झालेला, हुकूमनामा रद्द करून घ्यायला ३० दिवस. समन्स नीट बजावलंच नसेल तर हे ३० दिवस हुकूमनामा कळल्यापासून. गैरहजेरीत काढून टाकलेला दावा परत बोर्डावर, म्हणजे सुनावणीला, आणायला ३० दिवस.

समजा निकाल १० जून २०२६ ला लागला. तो दिवस धरायचा नाही. ११ जूनपासून ३० दिवस मोजले की १० जुलै येतो. नकलेचा अर्ज २२ जूनला केला आणि नक्कल ३० जूनला तयार झाली, तर ९ दिवस वजा. म्हणजे शेवटचा दिवस १९ जुलै. तो रविवार आहे, म्हणून कलम ४ प्रमाणे सोमवारी, २० जुलैला दाखल केलेलं अपील मुदतीत धरतात.

कलम ४ बद्दल एक गैरसमज पक्का बसलाय. उन्हाळी सुट्टीचे किंवा दिवाळीच्या सुट्टीचे सगळे दिवस वजा होतात, असं लोक धरून चालतात. तसं नाही. शेवटचा दिवस सुट्टीत पडला तरच कोर्ट उघडेल त्या दिवसापर्यंत सवलत मिळते. मुदत सुट्टीनंतर आठ दिवसांनी संपत असेल तर सुट्टीचा काहीही फायदा नाही.

आणि मोजणी इंग्रजी कॅलेंडरने. कलम २४ तसं स्पष्ट सांगतं. जुन्या चिठ्ठीवर नुसती तिथी लिहिलेली असली आणि पुढे "चार महिन्यांनी परत करीन" असं असलं, तरी ते चार महिने इंग्रजी धरायचे. मधे अधिक मास आला म्हणून मुदत वाढत नाही.

जुनं प्रकरण असेल तर आणखी एक वजाबाकी तपासा. करोनाच्या काळात सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हे दिवस मुदतीत मोजू नयेत असा आदेश दिला होता. तुमची मुदत त्या काळातून जात असेल, तर जो उशीर तुम्हाला दिसतोय तो कदाचित उशीरच नसेल. वकिलांना हे मुद्दाम विचारा.

इतकं सगळं वजा करूनही जे दिवस उरतात, तेवढ्यांचीच माफी मागायची.

४. दिवसांचा तक्ता

आमचा पहिला अर्ज इथे अडला.

४ सप्टेंबरला निकाल लागला. मुदत ४ ऑक्टोबरला संपली. १५ सप्टेंबरला अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, पक्षाघाताचा झटका आला. कोर्टाचं सगळं ते एकटे बघायचे, निकालाला एकटेच गेले होते, आणि झटक्यानंतर त्यांची वाचा गेली. वकिलांचं पत्र पंचवटीतल्या जुन्या वाड्याच्या पत्त्यावर गेलं, जो आम्ही सोडून दोन वर्षं झाली होती. १ फेब्रुवारीला माझ्या पुतण्याने सहज ॲपवर नाव टाकलं, तेव्हा घरात कळलं की दावा निकाली निघालाय.

मी अर्जात लिहिलं, "वडील आजारी असल्याने विलंब झाला, तो माफ व्हावा." एवढंच. पहिल्याच तारखेला न्यायाधीश साहेबांनी डिस्चार्ज कार्ड बघितलं आणि विचारलं, "९ ऑक्टोबरला घरी आले. पुढे?" माझ्याकडे उत्तर होतं, पण कागदावर नव्हतं. जादा प्रतिज्ञापत्र द्यायला एक तारीख मिळाली.

त्या रात्री आईने भिंतीवरचं कॅलेंडर काढून दिलं. ती वर्षानुवर्षं दुधाचा हिशोब कॅलेंडरच्या चौकोनात लिहिते, दीड लिटर असेल तर "१॥". ऑक्टोबरपासून त्याच चौकोनांत दुधाखाली बारीक अक्षरात "फिजिओ आले", "फिजिओ नाही", "ताप १०१", "आज बसले". २ डिसेंबरच्या चौकोनात "उशीला टेकून १० मि." असं होतं. फिजिओथेरपीच्या पावत्या त्या नोंदींशी जुळवल्या आणि तक्ता असा झाला:

५ ते ९ ऑक्टोबर, ५ दिवस: रुग्णालयात. पुरावा डिस्चार्ज कार्ड.
१० ऑक्टोबर ते ३० नोव्हेंबर, ५२ दिवस: घरी, अंथरुणाला खिळलेले. पावत्या, डॉक्टरांचा दाखला, कॅलेंडर.
१ डिसेंबर ते ३१ जानेवारी, ६२ दिवस: बसता येत होतं, बोलता येत नव्हतं, घरच्यांना निकाल माहीत नाही. वाचेबद्दल डॉक्टरांचा दाखला, परत आलेला लिफाफा, नव्या पत्त्याचं वीजबिल.
१ ते १२ फेब्रुवारी, १२ दिवस: निकाल कळला, ३ तारखेला नकलेचा अर्ज, १२ ला नक्कल तयार. नकलेवरचा शिक्का.
१३ ते २४ फेब्रुवारी, १२ दिवस: नक्कल घेणं, वकिलांना कागद देणं, अपील लिहिणं, दाखल करणं.

एकूण १४३. बेरीज जुळलीच पाहिजे. समोरचे वकील आधी बेरीज करतात.

मुदतीच्या पहिल्या ३० दिवसांत तुम्ही काय करत होता, याचा खुलासा पूर्वी सहसा द्यावा लागत नसे. शेवटच्या दिवसापर्यंत थांबायचा हक्क कायद्यानेच दिलेला असतो, असं सर्वोच्च न्यायालयाने १९६१ च्या रामलाल प्रकरणात म्हटलं होतं. पण २०२५ च्या शिवम्मा प्रकरणात त्याच न्यायालयाने मुदत सुरू झाली तिथून अपील दाखल झालं तिथपर्यंतचा खुलासा हवा असं म्हटलंय, म्हणून त्या दिवसांचंही लिहा.

५. सोबत काय न्यायचं

निकाल आणि हुकूमनाम्याच्या प्रमाणित प्रती. दिवसांचा तक्ता, हाताने लिहिलेला चालेल. प्रत्येक कारणाचा पुरावा, मूळ आणि झेरॉक्स दोन्ही: रुग्णालयाचे कागद, मृत्यूचा दाखला, बदलीचा आदेश, परत आलेली पाकिटं, जे असेल ते. आधार किंवा दुसरं ओळखपत्र. वकीलपत्र. कोर्ट फी स्टँप. खालच्या कोर्टातल्या रोजनाम्याची नक्कलही मागून ठेवा. कोणत्या तारखेला कोण हजर होतं हे त्यात असतं, आणि "यांना सगळं माहीत होतं" या आरोपाला तिथेच उत्तर सापडतं.

वकिलांची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मोफत वकिलासाठी अर्ज करता येतो. महिला, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती आणि दिव्यांग यांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. १५१०० ही त्यांची हेल्पलाइन.

६. अर्ज आणि प्रतिज्ञापत्र

मुदतीनंतरच्या अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज आणि त्याला आधार देणारं प्रतिज्ञापत्र हवंच, हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ४१, नियम ३-अ मध्ये आहे.

प्रतिज्ञापत्र ज्याला ते दिवस माहीत आहेत त्याने द्यावं. आमच्याकडे अण्णांच्या अर्जावर त्यांचा अंगठा होता, कारण त्यांना सगळं समजत होतं. पण ऑक्टोबर-नोव्हेंबरचे दिवस आईने काढले होते, म्हणून जादा प्रतिज्ञापत्र आईचं दिलं.

कोर्टाबाहेरच्या टायपिंगच्या दुकानात तयार नमुना मिळतो. "अपरिहार्य कारणास्तव", "घरगुती अडचणींमुळे" अशी वाक्यं त्यात आधीच छापलेली असतात. तो नमुना घेऊ नका. कारण खरं आणि तुमचंच लिहा. आजार वाढवून सांगू नका, दाखल्याची तारीख मागची टाकून घेऊ नका. एक खोटा कागद सापडला की बाकीचे नऊ खरे कागदही कोणी वाचत नाही.

वकिलांची चूक असेल तरी "वकिलांनी कळवलं नाही" एवढ्यावर थांबू नका. तुम्ही त्यांना कधी फोन केला, कधी भेटलात, हेही लिहा. तुम्ही स्वतः जागे होता का, हे कोर्ट बघतं.

७. नोटीस, तारखा, युक्तिवाद

अर्ज दाखल झाला की त्याला क्रमांक पडतो आणि समोरच्याला नोटीस निघते. प्रोसेस फी, म्हणजे नोटीस बजावण्याची फी, वेळेत भरा आणि बेलिफाला, म्हणजे नोटीस पोचवणाऱ्या कोर्टाच्या माणसाला, पत्ता नीट सांगा. आमच्या दोन तारखा नुसत्या नोटीस बजावली नाही म्हणून गेल्या. मग समोरचा आपला "से", म्हणजे लेखी म्हणणं, देतो आणि दोन्ही बाजूंचा युक्तिवाद होतो.

वकील दोन निकाल हमखास दाखवतात. १९८७ च्या कातिजी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की प्रत्येक दिवसाचा खुलासा हवा हा नियम अक्षरशः ताणू नये, तो समजुतीने वापरावा. १९९८ च्या बालकृष्णन प्रकरणात ८८३ दिवसांचा विलंब माफ झाला, आणि विलंब किती यापेक्षा खुलासा पटतो का हे महत्त्वाचं, असं न्यायालय म्हणालं. यावर विसंबून तक्ता ढिला ठेवू नका. उलट बाजूचे निकालही पुष्कळ आहेत.

या काळात एक धोका असतो. विलंबाचा प्रश्न सुटून अपील ऐकायचं ठरत नाही, तोवर अपिलाच्या कोर्टाला हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला स्थगिती देता येत नाही. तेवढ्यात समोरचा दरखास्त टाकू शकतो. म्हणून अर्जावर तारखा मागत बसू नका, लवकर सुनावणी मागा.

पक्षकार मरण पावला असेल तर आणखी घाई करा. वारसांची नावं लावायला ९० दिवस. ते चुकले की दावा त्याच्यापुरता आपोआप संपतो. तो पुन्हा उभा करायला आणखी ६० दिवस, आणि तेही गेले तर कलम ५.

८. सातबाऱ्याच्या फेरफारावर अपील असेल तर

हे काम महसुली अधिकाऱ्यांकडे, महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ खाली. जिल्हाधिकाऱ्यांच्या खालच्या दर्जाच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल तर ६० दिवस, नाहीतर ९० दिवस. विलंब माफीचं कलम २५१. मंडळ अधिकाऱ्याने मंजूर केलेल्या नोंदीवर अपील प्रांताधिकाऱ्यांकडे जातं. वर अपर जिल्हाधिकारी आणि त्यापुढे नाशिकरोडचं विभागीय आयुक्त कार्यालय.

इथे बहुतेकांचं कारण एकच असतं, "नोंद झाली हेच माहीत नव्हतं." ते सिद्ध करायचा उपाय म्हणजे फेरफाराच्या मूळ कागदांची नक्कल. नोंद मंजूर होण्याआधी हितसंबंधितांना नोटीस द्यावी लागते. त्या नोटिशीवर तुमची सही किंवा पोच नसेल, तर तेच तुमचं सगळ्यात भक्कम पान.

९. माफी मिळाल्यावर

आदेश नीट वाचा. माफी बऱ्याचदा खर्चाच्या अटीवर मिळते. आम्हाला समोरच्याला ३,००० रुपये द्यायला सांगितले होते, पंधरा दिवसांत. ती रक्कम वेळेत भरली नाही तर मिळवलेली माफी हातची जाऊ शकते. समोरचा पैसे घ्यायला टाळाटाळ करत असेल तर कोर्टात भरायची परवानगी मागा. पैसे दिले की पावती घ्या आणि ती पुरसिससोबत, म्हणजे कोर्टाला तसं कळवणाऱ्या लेखी कागदासोबत, त्याच दिवशी दाखल करा.

मग अपिलाला नियमित क्रमांक पडला का ते बघा. माफीच्या अर्जाचा क्रमांक वेगळा, अपिलाचा वेगळा. आम्ही महिनाभर ॲपवर जुनाच क्रमांक टाकून "निकाली" असं वाचत घाबरत होतो. स्थगितीचा अर्ज तयार ठेवा आणि क्रमांक पडल्याबरोबर द्या. वकिलांच्या ऑफिसात तुमचा आत्ताचा पत्ता आणि घरातल्या आणखी एका माणसाचा फोन नंबर लिहून घ्यायला सांगा. आमच्या फाइलवर आता आईचा नंबर आहे. पुढची तारीख पडली की ती कॅलेंडरच्या चौकोनात दुधाच्या वर, लाल पेनाने लिहिते.